नकार द्या, पण आमच्या नावाने नको

मराठी ललित पुस्तकं छापणाऱ्या प्रकाशक आणि संपादक मंडळींस,



धुळ्याहून लिहितो आहे. आपली ओळख तशी जुनी आहे. साहित्य संमेलनाच्या निमित्ताने तुमची मंडळी १९३६ साली जळगावला आली, १९४४ साली धुळ्याला, १९५२ साली अंमळनेरला, १९८४ साली पुन्हा जळगावला आणि अगदी अलीकडे, २०२४च्या फेब्रुवारीत, परत अंमळनेरला. पाहुणचारात आम्ही कमी पडलो नसू. खानदेशातला वाचक जाणकार आहे, असं अशा वेळी व्यासपीठावरून म्हटलं जातं आणि आम्हीही टाळ्या वाजवतो. मांडव उतरला की हाच वाचक तुमच्या कार्यालयात एकदम अडाणी कसा होतो, हे विचारण्यासाठी हे पत्र.

निमित्त एका आयरिश कादंबरीचं आहे. फ्लॅन ओब्रायन यांची ‘द थर्ड पोलिसमन’. तिच्या काही प्रकरणांचा मराठी अनुवाद करून मी एका प्रकाशनाकडे पाठवला होता. नाव घेत नाही, कारण त्यांच्या जागी तुमच्यातलं दुसरं कुणी असतं तरी उत्तर तेच आलं असतं. उत्तर सभ्य होतं. लेखन वेगळं आहे, अनुवाद वाचनीय आहे. पण खुनी माणूस स्वतःच्या खुनाची गोष्ट गंमतीत सांगतो, हे ‘आपल्या वाचकाला, विशेषतः ग्रामीण भागातल्या वाचकाला’ पचणार नाही. नकाराचा मला राग नाही. पुस्तक नाकारणं हा तुमचा हक्क आहे आणि छापून गोदामात ठेवण्यापेक्षा नाकारलेलं बरं. राग आहे तो त्या ‘आपल्या वाचका’चा. आम्हाला न विचारता आमच्या पोटाचा दाखला कुणी दिला?

कादंबरी तुमच्यापैकी काहींनी वाचली नसेल, म्हणून थोडं सांगतो. शेवट सांगणार नाही, त्याचं कारण पुढे येईल. निवेदकाला नाव नाही. त्याचा एक पाय लाकडी आहे. पहिल्याच वाक्यात तो म्हाताऱ्या मॅथर्सला आपण फावड्याने मारल्याचं सांगून टाकतो आणि लगेच, जणू काही विशेष घडलंच नाही अशा थाटात, जॉन डिव्हनी नावाच्या मित्राशी दोस्ती कशी जमली त्याकडे वळतो. खून कुणी केला हा प्रश्न पहिल्या ओळीतच संपला. म्हाताऱ्याच्या पैशांची काळी पेटी डिव्हनीने कुठेतरी दडवून ठेवली आहे. ती आणायला निवेदक जातो आणि एका विचित्र पोलीस चौकीत पोचतो.

आता खुनाचं कारण ऐका. या माणसाला दारू नको, बाई नको, जमीन नको. डी सेल्बी नावाच्या एका तऱ्हेवाईक तत्त्वज्ञाच्या ग्रंथांवर त्याने आयुष्यभर खपून समीक्षाग्रंथ लिहिला आहे आणि तो छापायला त्याच्याकडे पैसे नाहीत. पुस्तकाच्या छपाईसाठी खून! मराठीत लेखकाकडूनच छपाईचा खर्च घेऊन पुस्तकं काढण्याचा रिवाज किती पसरला आहे, हे तुम्हाला मी काय सांगावं. कवितासंग्रहासाठी भविष्यनिर्वाह निधीतून पैसे काढलेले मास्तर आमच्याकडे तालुक्यागणिक भेटतील. ही कादंबरी मराठी वाचकाला परकी वाटेल असं म्हणणाऱ्याने आधी स्वतःच्या कार्यालयातली पावतीपुस्तकं चाळावीत.

मग पोलीस. सार्जंट प्लक, मॅक्रुस्कीन आणि क्वचितच दिसणारा तिसरा, फॉक्स. या चौकीत खून, दरोडा वगैरे किरकोळ बाबी. खरी चिंता सायकलींची: चोरीला गेलेल्या सायकली, त्यांचे दिवे, पंप, घंट्या. सार्जंटचा सिद्धान्त असा की, खडबडीत रस्त्यावरून रोज सायकल चालवली की माणसातले अणू सायकलीत जातात आणि सायकलीतले माणसात येतात. गावचा पोस्टमन तर एकाहत्तर टक्के सायकल झाला आहे! भिंतीला कोपर टेकून किंवा कट्ट्यावर एक पाय ठेवून जे उभे राहतात, त्यांचं प्रमाण वाढत चाललंय असं समजावं. म्हणून लोकांच्या भल्यासाठी सार्जंट स्वतःच त्यांच्या सायकली चोरतो आणि मग मोठ्या परिश्रमाने शोधून देतो.

हे खानदेशी माणसाला समजावून सांगावं लागेल, असं खरंच वाटतं तुम्हाला? सायकलला नगरपालिकेचा बिल्ला लागायचा तो काळ पाहिलेली माणसं अजून आमच्या पारावर बसलेली आहेत. रात्री दिवा नाही म्हणून किंवा डबलसीट म्हणून अडवणारा हवालदार, दंडाला पैसे नसले तर चाकाची हवा सोडणारा, आणि मग ती सायकल ढकलत घरी जाणारा माणूस, या तिघांवरून आमच्याकडे आजही गप्पा रंगतात. दुधाच्या कॅनी लटकवून पहाटे शहरात येणारे कित्येकजण सायकलवरून उतरले तरी तसेच वाकून चालतात. ओब्रायनने हा सिद्धान्त डब्लिनमध्ये बसून लिहिला. आमच्या शिरपूर रस्त्यावर त्याची साक्ष काढता येईल.

तळटीपा अडचणीच्या आहेत, हा तुमचा दुसरा आक्षेप. डी सेल्बीच्या मतांवर आणि त्याच्या भाष्यकारांच्या भांडणांवर या कादंबरीत पानंच्या पानं तळटीपा आहेत. रात्र म्हणजे काळी हवा साचणं, असं या डी सेल्बीचं मत. पृथ्वी गोल नसून लांबोडकी आहे. प्रवास हा नुसता भास आहे. छप्पर असलेली घरं माणसाला बाधतात, म्हणून बिनछपराची बांधावीत. (मे महिन्यात जळगावचा पारा पंचेचाळीसला टेकला की सगळं गाव अंथरूण घेऊन गच्चीवर जातं. तेव्हा या शेवटच्या मताला आमच्याकडे अनुयायी भरपूर मिळतील.) आणि या खुळचट मतांचा अर्थ कोणता खरा, यावरून भाष्यकार एकमेकांच्या जिवावर उठलेले. सगळ्या तळटीपा काढून टाकून ‘मूळ गोष्ट’ तेवढी ठेवली तर विचार करता येईल, असं मला सुचवण्यात आलं होतं.

अहो, हे तुम्ही कोणत्या गावाला सांगता आहात? इतिहासाचार्य राजवाडे १९२६च्या ३१ डिसेंबरला धुळ्यात वारले आणि लगोलग त्यांच्या नावाने इथे संशोधन मंडळ उभं राहिलं. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चे बावीस खंड काढणारा आणि प्रस्तावनांतून, टिपांतून समकालीनांना फाडून खाणारा हा माणूस आमचा. शंकरराव देवांनी रामदासी पोथ्या मठामठांतून गोळा करून समर्थ वाग्देवता मंदिर उभारलं तेही इथेच. अंमळनेरला प्रताप शेठजींनी १९१६ साली तत्त्वज्ञान मंदिर काढलं, ज्या काळात पुष्कळ मोठ्या शहरांनाही तशी गरज वाटली नव्हती. एका कागदाच्या तारखेवरून वर्षानुवर्षं वाद घालणारे लोक आम्ही जवळून पाहिलेले आहेत, त्यांच्याबद्दल आदर आहे आणि त्यांच्यावर हसणंही आम्हाला येतं. तळटीपांची टिंगल समजायला तळटीपा वाचणारा समाज लागतो. तो इथे आहे.

आता तुमच्या व्यवसायाबद्दल थोडं. ओब्रायनचं खरं नाव ब्रायन ओनोलन. जन्म १९११चा, नोकरी सरकारी. १९४० साली त्याने ही कादंबरी लंडनच्या लाँगमन्सकडे पाठवली. आधीचं पुस्तक त्यांनीच छापलं होतं, हे मात्र त्यांनी नाकारलं. त्यांना ते फारच विचित्र वाटलं. नकार इतका झोंबला की हस्तलिखित हरवलं अशी थाप त्याने मित्रांना मारली आणि कागद घरात ठेवून दिले. पुढे सव्वीस वर्षं तो दुसऱ्या टोपणनावाने वर्तमानपत्रात सदर लिहीत राहिला, लोकांना हसवत राहिला, भरपूर प्याला आणि १९६६च्या १ एप्रिलला वारला. तारीखही त्याला शोभणारीच. कादंबरी १९६७ साली निघाली, ती त्याच्या बायकोमुळे. नंतर २००५च्या सुमारास ‘लॉस्ट’ या अमेरिकन मालिकेत हे पुस्तक ओझरतं दिसलं आणि त्याच्या प्रती धडाधड खपल्या. ज्या वाचकाला पचणार नाही म्हणून लंडनला काळजी वाटली होती, तो वाचक दूरदर्शन संच बंद करून दुकानात गेला. लाँगमन्सच्या त्या संपादकाचं नाव आज कुणाला ठाऊक आहे?

मराठीत खुन्याला दोनच खुर्च्या आहेत. एक रहस्यकथेतली. बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर कथा लिहिल्या, झुंजार आणि काळा पहाड घरोघर नेले, वाचनालयांची वर्गणी भरून काढली. त्यांना नावं ठेवणाऱ्यांतला मी नाही. पण तिथे खुनी शेवटच्या प्रकरणापर्यंत पडद्याआड असतो आणि पडदा उघडला की पुस्तक मिटतं. दुसरी खुर्ची पश्चात्तापाची. पुण्यातल्या जोशी-अभ्यंकर हत्याकांडातल्या चौघांना १९८३च्या नोव्हेंबरात येरवड्याला फाशी झाली. त्यांच्यातल्या मुनव्वर शहाची तुरुंगातली कबुली पुस्तकरूपाने आली आणि हातोहात गेली. म्हणजे खुनी स्वतः बोलला तर आम्ही वाचतो, हे तुम्हाला माहीत आहे. त्याने रडतच बोललं पाहिजे, एवढी तुमची अट आहे. बसस्टँडवर ‘पोलीस टाइम्स’ विकत घेणारा माणूस गंभीर कादंबरीच्या वाटेला जात नाही, ही आणखी एक तुमची समजूत. मी तर एकाच पिशवीत दोन्ही नेणारी माणसं पाहतो.

विनोद आणि मरण एका ताटात वाढण्याचं मराठीला वावडं आहे, असंही नाही. सतीश आळेकरांच्या ‘महानिर्वाणा’त १९७४ साली भाऊराव मेल्यावर स्वतःच कीर्तनाला उभे राहिले आणि जुन्याच स्मशानात जाळा म्हणून हटून बसले. लोक खुर्चीतून पडेपर्यंत हसले आणि घरी गेल्यावर गप्प झाले. त्याच्याही आधी, १९६३ साली, यावल तालुक्यातल्या सांगवीच्या पंचवीस वर्षांच्या एका पोराने ‘कोसला’ दिली. पांडुरंग सांगवीकरचं ‘उदाहरणार्थ’ आणि ‘वगैरे’ ज्या तोंडात आहे, त्याच तोंडात धाकट्या मनीचं देवीने मरणंही आहे. सूर फारसा बदलत नाही, म्हणूनच ते पान असह्य होतं. पुण्याच्या देशमुख आणि कंपनीने ती कादंबरी छापली तेव्हा ‘आपल्या वाचका’ला पचेल का, हे विचारायला कुणाकडे गेल्याचं ऐकिवात नाही. तुमच्याच व्यवसायातलं हे उदाहरण आहे आणि ते आमच्या खानदेशच्या पोरामुळे घडलं. शेवभाजी खाऊन वाढलेल्या माणसाला तिखट सोसेल का, असं विचारावं तशी तुमची काळजी आहे.

एक आक्षेप मात्र मी हलका मानत नाही. खून ही हसण्याची गोष्ट नाही, ज्याच्या घरात झाला त्याला विचारा, असं कुणी म्हणालं तर मान खाली घालूनच ऐकावं लागेल. आयरिश लोकांनाही हे सहज जमलेलं नाही. बापाला मारून आलो असं सांगणाऱ्या पोराला गावाने डोक्यावर घेतलं, अशी गोष्ट सिंगने १९०७ साली नाटकात मांडली तेव्हा डब्लिनच्या ॲबी थिएटरात दंगा झाला आणि पोलीस बोलवावे लागले. पुढे १९८९ साली जॉन बॅनव्हिलचा आढ्यतेखोर खुनी आला, १९९२ साली पॅट्रिक मकॅबच्या ‘द बुचर बॉय’मधला फ्रॅन्सी ब्रेडी आला. फ्रॅन्सीबरोबर आपण शंभर पानं खिदळतो आणि तो काय करून बसला हे कळल्यावर आपल्या खिदळण्याची लाज वाटते. ही लाज कोणत्याही रहस्यकथेने मला दिली नाही.

आणि आमच्या जिल्ह्यात १ जुलै २०१८ हा दिवस आहे. साक्री तालुक्यातलं राईनपाडा. आठवडे बाजाराचा दिवस. मुलं पळवणारी टोळी आल्याची अफवा मोबाइलवर फिरत होती. भिक्षा मागत फिरणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच माणसांना जमावाने मारून टाकलं, त्यातही ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून. यात विनोद नाही, कुणी शोधूही नये. पण खुनी कसा दिसतो याबद्दल मराठी कादंबरीने आम्हाला जे काही शिकवलं, ते सगळं त्या दिवशी निकामी ठरलं. तिथे रहस्यकथेतला पडद्याआडचा खुनी नव्हता, पश्चात्तापाने पोळलेला कैदीही नव्हता. बाजाराला आलेली माणसं होती, आपण गावाची राखण करतो आहोत अशी खात्री असलेली. ओब्रायनचा निवेदक असाच आहे: समंजस, विद्याव्यासंगी, स्वतःच्या ग्रंथापलीकडे दुसऱ्याचा जीव दिसत नाही असा. त्याच्यावर हसता हसता ही समजूतदार भाषा आपल्या ओळखीची आहे हे कळतं तेव्हा घशाला कोरड पडते. पुस्तकातला सार्जंट तर फाशी द्यायला जवळ हाच माणूस सापडला म्हणून त्याला पकडतो, आणि योगायोगाने खरा खुनी तोच असतो. निष्काळजीपणातून झालेला न्याय! आमच्या काळावर याहून तिखट शेरा कुणी मारला असेल तर कळवा.

मारावं की मारू नये हा प्रश्न आमच्या गावाला नवाही नाही. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबा लागोपाठ अठरा रविवार त्याच प्रश्नापासून सुरू होणाऱ्या ग्रंथावर बोलले आणि साने गुरुजींनी ते उतरवून घेतलं. आमच्या पचनशक्तीबद्दल आणखी किती पुरावा द्यावा?

म्हणून आता मागण्या. पहिली आणि सगळ्यात मोठी भाषेची आहे. तीन पोलिसांना सदाशिव पेठेत नेऊ नका. सार्जंट प्लक ‘तुनं नाव काय शे?’ असं अहिराणीत विचारेल, आणि ज्याला नावच नाही अशा आरोपीची जी तारांबळ उडेल, ती प्रमाण मराठीत उडणार नाही. यावल-रावेरकडचा अनुवादक असेल तर त्याला लेवा गणबोलीत लिहू द्या. बोलीतली पात्रं म्हणजे गडी, मोलकरीण आणि ओवी म्हणणारी आजी, एवढंच तुमच्या पुस्तकांत दिसतं. अणूंचा सिद्धान्त अहिराणीत मांडला गेला तर बोलीचं जेवढं भलं होईल, तेवढं जतनाच्या भाषणांनी होणार नाही. ओब्रायन स्वतः आयरिश बोलणाऱ्या घरात वाढला होता आणि १९४१ साली त्याने आयरिशमध्ये एक कादंबरी लिहिली. तिच्यात खेड्यातली अस्सल भाषा टिपायला आलेला एक शहरी विद्वान अंधारात डुकराचं गुरगुरणं ध्वनिमुद्रित करतो आणि धन्य होतो. बोलीवर प्रेम करणाऱ्यांनी हा प्रसंग वाचावा. मीही त्यांच्यातलाच आहे.

तळटीपा जशाच्या तशा ठेवा, बारीक टाइपात का होईना. मलपृष्ठावर शेवट छापू नका. अनुवादित पुस्तकाच्या पाठीवर सगळी गोष्ट सांगून टाकायची खोड तुमच्यात बळावली आहे आणि या कादंबरीचा शेवट आधी कळला तर वाचकाचे पैसे बुडाले. मुखपृष्ठावर रक्ताळलेला सुरा नको. एक सायकल पुरे. हक्कांचा पत्रव्यवहार तुम्ही करा. तो करायला धुळ्यातला एकटा माणूस कमी पडतो, त्यासाठीच तर प्रकाशक हवा असतो.

आणि पुस्तक आमच्यापर्यंत येऊ द्या. सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदाही १९६७चाच, या कादंबरीच्याच वयाचा. त्या कायद्याखाली अनुदान मिळवणारी गावोगावची ‘ड’ वर्गाची वाचनालयं हाच आमचा मोठा आधार. तिथे तुमच्या याद्यांतून येतात चरित्रं, यशाचे मंत्र आणि ऐतिहासिक कादंबऱ्या. येऊ देत. त्या ढिगात वर्षाकाठी एखादं वेडंवाकडं पुस्तक ढकललंत तर ग्रंथपाल तक्रार करणार नाही, नोंदवहीत चढवेल. ते कोण नेतं, किती जण नेतात, हे वर्षभराने त्यालाच विचारा. आज तुम्ही विचारायच्या आधीच उत्तर ठरवून मोकळे होता.

अनुवाद पुरा होत आला आहे. तुमच्यापैकी ज्यांना वाचायचा असेल त्यांनी कळवावं, पहिली प्रकरणं टपालाने पाठवीन. वाचून आवडला नाही, खर्च झेपत नाही, अनुवाद कच्चा वाटला, कागद महागला, असं कोणतंही कारण द्या, मी ते मुकाट्याने स्वीकारेन. फक्त पत्राखाली स्वतःची सही करा आणि आम्हाला काय पचतं हे आम्हालाच ठरवू द्या.

कळावे, लोभ असावा.

आपला,
धुळ्याचा एक वाचक आणि अनुवादक